फोंड्याचे रातांबे

मे महिन्यात कोकणात उतरणाऱ्या पाहुण्याची नजर आंब्यावरून हलत नाही. आंब्याची पेटी, आंब्याची पोळी, आंब्याचा रस, फार तर जोडीला फणसाचे चार गरे, एवढा प्रसाद पदरात पडला की त्याचे कोकण पाहून झाले! त्याच दिवसांत आंब्याच्या सावलीला उभे राहून, कोणी विचारो न विचारो, आणखी एक झाड लालजांभळ्या फळांनी लगडलेले असते. ते बागेत क्वचित दिसते. त्याची जागा परड्यात, विहिरीच्या काठाला, गोठ्याच्या मागे. रातांबा त्याचे नाव. शहरातल्या वाण्याकडून आपण पाव किलो आमसुले आणतो, उन्हाळ्यात कोकम सरबताची बाटली आणतो, पित्त उठले की आमसूल भिजवून अंगाला चोळतो. पण हे सारे ज्या फळातून निघते ते फळ ताजे पाहिलेली माणसे दादर-गिरगावात शोधावी लागतील. माझ्या ऑफिसातल्या एका गृहस्थांची तर आमसूल हे चिंचेचेच कसलेसे भावंड असावे अशी प्रामाणिक समजूत होती.

यंदा, म्हणजे २०२५ च्या मे महिन्यात, कोल्हापूरला काम निघाले, आणि ते आटोपल्यावर मी तसाच फोंडाघाटास गेलो. फोंडाघाट हे घाटाचेही नाव आणि घाटाच्या पायथ्याच्या गावाचेही. गावात माझे काकांचे घर आहे. काका जाऊन बरीच वर्षे झाली. घरात काकी एकटी असते. रेल्वेने कणकवलीस उतरून जाणे आम्हां मुंबईकरांना सोयीचे. परंतु घाटावरून कोकणात उतरण्याची मौज रेल्वेत नाही हे मी अनुभवाने सांगतो. कोल्हापूर सोडले की काही वेळाने राधानगरी येते. शाहू महाराजांनी भोगावतीवर बांधायला घेतलेले धरण इथलेच. पुढे दाजीपूरचे जंगल लागते. गव्यांसाठी १९५८ मध्ये राखीव झालेले हे अभयारण्य. मला आजवर तिथे एकही गवा दिसलेला नाही. मात्र शेजारच्या बाकावरच्या प्रवाशाला तो हमखास ‘मागच्याच खेपेला’ दिसलेला असतो.

मग एका वळणावर जमीन संपते. समोर खाली सारे कोकण धुकट पसरलेले, आणि हवा बदललेली. घाटमाथ्यावरचा कोरडा वारा थांबतो आणि ओलसर, जड उष्मा अंगाला येऊन चिकटतो. एके काळी याच वाटेने बैलांचे तांडे गूळ आणि धान्य घेऊन खाली उतरत आणि मीठ, नारळ, आमसुले लादून वर चढत. पलीकडे खारेपाटणचे जुने बंदर होते. आता ट्रक आणि एसट्या जातात. वळणावळणावर पोरे पानांच्या द्रोणांतून करवंदे विकायला उभी असतात. करवंद दाताने फोडायचे आणि आत लाल निघाले तर कोंबडा, पांढरे निघाले तर कोंबडी, हा खेळ माझ्या लहानपणी होता तसाच अजून चालू आहे. द्रोण मी दोन घेतले आणि गाव येईपर्यंत एक उरला.

काकीचे वय शहात्तर. कणा ताठ, आवाज खणखणीत. मला पाहताच तिने पहिले वाक्य उच्चारले ते असे: “इलंस रे झिला? बरा झाला. आडाळ्यार बसूक माणूस व्हयोच होतो.” आडाळो म्हणजे आपली विळी. मी हात-पाय धुतले, चहा घेतला, आणि अर्ध्या तासात ओसरीवर रातांबे चिरायला बसलो. पाहुणचाराची ही रीत ज्याला मानवणार नाही त्याने मे महिन्यात कोकणात नातेवाइकांकडे जाऊ नये.

काकीच्या परड्यात रातांब्याची सात झाडे आहेत. त्यांपैकी चारच फळतात. उरलेल्या तिघांनी जन्मात एक फळ दिलेले नाही, आणि यात त्यांचा काही दोष नाही. ती नर आहेत. पपईसारखाच हा प्रकार. फुले थंडीच्या दिवसांत येतात. नराची झुपक्याने, मादीची एकटीदुकटी. पण तोवर बी रुजवून सात-आठ वर्षे लोटलेली असतात. तेवढी वर्षे पाणी घालायचे, गुरांपासून राखायचे, आणि मग झाड मोहरल्यावर कळायचे की निम्म्या रोपांनी आपल्याला फसवले! म्हणून आता शहाणे लोक कलमे लावतात. दापोलीच्या कृषी विद्यापीठाने १९९७ मध्ये ‘कोकण अमृता’ नावाची जात काढली. कलम असल्यामुळे ती मादी असण्याची खात्री, आणि फळ लवकर तयार होऊन पावसाआधी हाती लागण्याची सोय. दहा मादी कलमांत एखादा नर ठेवावा असे सांगतात. कलम बांधतानाही एक खुबी आहे. सरळ वर जाणाऱ्या फांदीची काडी घेतली तर झाड उंच वाढते. आडव्या फांदीची घेतली तर ते जन्मभर आडवेच पसरत राहते. वनस्पतींनाही आपले वळण विसरता येत नाही.

माझा एक भाचा अमेरिकेत असतो. त्याने घरामागच्या अंगणात अरोनिया नावाची झुडपे लावली आहेत. काळ्या, वाटाण्याएवढ्या फळांची. इंग्रजीत त्या फळाच्या नावातच घसा धरण्याचा उल्लेख आहे, इतके ते तुरट! मुळात ते अमेरिकेतलेच, पण त्याची मोठी लागवड पोलंडमध्ये होते. फोनवर त्याने मोठ्या अभिमानाने सांगितले की एकच झुडूप लावले तरी फळते, नर-मादीची भानगड नाही, उन्हाळा सरताना घोस तोडायचे, साखर घालून रस करायचा, झाले. मी हे काकीला सांगितले. ती म्हणाली, “तुरट तर आमची करवंदाय असतत. त्येचा आमसूल होता काय?” भाच्याला मी हा प्रश्न कळवला आहे. उत्तर आलेले नाही.

आमसूल कसे होते हे पाहिल्यावाचून आमसुलाची किंमत कळत नाही. पिकलेला रातांबा काळसर लाल होतो आणि झाड त्याला आपणहून सोडते. पण जमिनीवर पडलेले फळ फुटते, त्याला माती लागते, मुंग्या लागतात. म्हणून ते हाताने काढायचे. गड्याने फांदी हलवायला सुरुवात केली की खालून काकीचा आवाज चढे: “पाडू नको, हातान काढ!” झाडाच्या फांद्या खाली झुकलेल्या आणि बारीक, माणूस टोकापर्यंत जाऊ शकत नाही. जे हाताला लागत नाही ते माकडांचे. ही वाटणी माकडांना मान्य नाही, ती मधल्या फांद्यांवरही येतात, आणि काकीचा अर्धा दिवस पत्र्याचा डबा वाजवण्यात जातो.

काढलेली फळे धुऊन चिरायची. आतला बियांचा आंबटगोड गर एका भांड्यात, वरची जाड साल दुसऱ्यात. गरात मीठ घालून त्याचा रस करायचा, साली त्या रसात बुडवायच्या आणि उन्हात पसरायच्या. संध्याकाळी उचलायच्या, पुन्हा रसात घालायच्या, सकाळी पुन्हा उन्हात. याला पुट देणे म्हणतात. काकी सात पुटे देते. बाजारातल्या आमसुलांना किती मिळतात ते विकणाऱ्यालाच ठाऊक. सात पुटांचे आमसूल काळेभोर, मऊ, बोटाला किंचित चिकटणारे. पाटीभर रातांब्यांची आमसुले वाळून एका सुपात मावतात. त्या सुपामागे आठवडाभराचे कडक ऊन हवे, आणि सारी मेख तिथेच आहे. फळ पिकते एप्रिल-मेमध्ये, पाऊस येतो जूनमध्ये. मधला जो काय कडक उन्हाचा पंधरवडा-तीन आठवडे मिळतील, त्यात वर्षाचे काम उरकायचे. मृगाच्या आधी आमसूल डब्यात, असा तिथल्या घरांचा पिढ्यान्‌पिढ्यांचा हिशेब.

काकीच्या बाबतीत या हिशेबाला आणखी एक पदर आहे. तिचा मुलगा, म्हणजे माझा चुलतभाऊ, ठाण्यास असतो. चांगली नोकरी, तीन खोल्यांची जागा, सून समजूतदार. आई एकटी राहते याची त्याला काळजी वाटते, आणि ती रास्त आहे. घर रस्त्यापासून आत, रात्री दुखलेखुपले तर धावायला कोण? गेली चार वर्षे तो तिला कायमची ठाण्याला ये म्हणून सांगतो आहे. काकी नाही म्हणत नाही. “रातांबे होवंदेत, मग बघूया,” म्हणते. रातांबे झाले की नळे परतायचे असतात, नळे परतले की पाऊस, मग भातलावणी, मग गणपती. यंदा मुलाने निक्षून सांगितले होते की आमसुलांच्या पैशांतून नळे परतून घे आणि या पावसाळ्याआधी निघ. आणि ‘एवढ्यासाठी राहायचे तर यापुढे झाडे खंडाने देऊन टाकू’. घराची डागडुजी काकी मुलाच्या पैशांतून करीत नाही. आमसुलांच्या करते. तिच्या दृष्टीने त्यात फार मोठा फरक आहे. तेव्हा त्या ओसरीवर आम्ही जे चिरत होतो ते नुसते रातांबे नव्हते, हे मला पहिल्याच संध्याकाळी कळून चुकले.

सहा दिवस बरे गेले. भावकीतली एक वहिनी मदतीला येई. तिचा हात असा चाले की मी एक फळ चिरेपर्यंत तिची चार होत. अंगणात बांबूच्या तट्ट्यांवर साली पसरल्या की सारे अंगण लाल होऊन जाई. माझे हात मनगटापर्यंत जांभळे झाले आणि मुंबईला परतल्यावरही आठ दिवस तसेच राहिले. दात मात्र दुसऱ्याच दिवशी आंबले. चिरताना गर तोंडात टाकण्याचा मोह लहानपणी आवरला नव्हता, आता साठीत काय आवरणार?

२० मेच्या सुमारास आभाळ भरून आले. वळवाचा पाऊस कोकणाला नवा नाही. संध्याकाळी गडगडून येतो, तासभर झोडपतो आणि दुसऱ्या दिवशी ऊन पडते. आम्ही तट्ट्या उचलून पडवीत आणल्या आणि सकाळची वाट पाहिली. सकाळी ऊन नव्हते. दुपारीही नव्हते. दुसऱ्या दिवशी पाऊस थांबलाच नाही. दिवे गेले. अरबी समुद्रात कमी दाबाचे क्षेत्र तयार झाले आहे असे कोणी बाजारातून ऐकून आले. २४ मे रोजी मोसमी पाऊस केरळात पोचला आणि दुसऱ्याच दिवशी देवगडपर्यंत आला, म्हणजे आमच्या दारात. २६ तारखेला तो मुंबईत होता. तिथे तो एरवी अकरा जूनच्या आसपास पोचतो. काकीने अंगणाकडे बघत एवढेच म्हटले, “यंदा मिरग रोहिणीतच इलो.”

घरात त्या वेळी काय होते ते सांगतो. तीन सुपे आमसुले तयार होती. चार तट्ट्या साली दोन-तीन पुटांवर येऊन अडकल्या होत्या. आणि झाडांवर निम्म्याहून जास्त फळ अजून उभे होते. ओल्या सालीला दोन दिवस ऊन मिळाले नाही की पांढरी बुरशी धरते. एकदा धरली की ती पाटी उकिरड्यावर. झाडावरचे फळ पावसाने गळून चिखलात पडते आणि कुजते. परड्यात जाऊन पाहिले तर विहिरीकडच्या झाडाखाली लाल सडा पडलेला, त्याला आंबूस वास सुटलेला. फोंड्यातल्या प्रत्येक परड्यात हाच देखावा होता. आंबा-काजूच्या नुकसानीची चर्चा तरी होते. परड्यातल्या चार झाडांची दाद कोणाकडे मागणार? सिंधुदुर्ग आणि रत्नागिरीच्या कोकमाला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, ही आनंदाची गोष्ट. पण ऊन काही त्या कागदाने पडत नाही.

त्या दिवशी ठाण्याहून फोन आला. काय बोलणे झाले ते मी ऐकले नाही. काकी आत येऊन बसली आणि बराच वेळ काही बोलली नाही. मग वहिनी म्हणाली, “काकी, आगळ घालूया. आगळाक ऊन खंय लागता?”

आगळ म्हणजे रातांब्याचा खारवलेला अर्क. फळे फोडून पिंपात घालायची, भरपूर मीठ टाकायचे आणि रोज ढवळायचे. आठवड्याने सारा रस सुटतो. तो गाळून बाटल्यांत भरला की मिठामुळे वर्षभर टिकतो. याच आगळात नारळाचे दूध घातले की सोलकढी आणि नारळ न घालता मिरची-कोथिंबिरीवर भागवली की तिवळ. उपाय साधा होता. फक्त तो साऱ्या गावाला एकाच वेळी सुचला होता. वहिनी छत्री घेऊन बाजारात गेली तर पहिल्या दुकानात मीठ संपलेले, दुसऱ्यात दोनच पुडे. शेवटी कोणी कणकवलीस जात होता त्याच्याकडून पोते मागवले. ते येईपर्यंत गडी भर पावसात झाडावर चढला. निसरड्या फांद्या आणि वारा पाहून मी त्याला नको म्हटले. पण काकी म्हणाली, खालच्या फांद्यांचे काढ, वरचे माकडांना सोड. पहिल्यांदाच तिने माकडांना काही आपखुशीने दिले असेल.

दोन दिवस आम्ही नुसते चिरत होतो. काकीने काकांच्या वेळची चिनी मातीची बरणी काढली, शेजाऱ्यांकडून दोन पिंपे आणली. ज्या साली पुटावर होत्या त्यांच्यासाठी चुलीवर बांबूची ताटी टांगली आणि खाली मंद जाळ रात्रंदिवस ठेवला. त्यातल्या निम्म्या वाचल्या. त्यांना धुराचा वास लागला. व्यापारी अशा मालाला भाव देत नाही. मी त्यातली शेरभर मुंबईला आणली आहेत आणि बांगड्याच्या आमटीत ती घातली की शेजारी काय शिजते आहे म्हणून विचारायला येतात. थोड्या निवडक सालींच्या वाट्यांत साखर भरून काकीने अमृत कोकमाची एक बरणीही घातली. साखर विरघळायलाही ऊन हवे. पण ती म्हणाली, उशीर होईल, होईना.

बियाही टाकल्या नाहीत. त्या धुऊन घरात पसरून वाळवल्या. पावसाळ्यात सवडीने फोडायच्या, कुटायच्या, पाण्यात उकळायच्या आणि वर तरंगणारे तेल काढून घ्यायचे. ते थंडीत दगडासारखे घट्ट आणि अंगाच्या उबेने विरघळणारे. भिरंडेल त्याचे नाव. टाचांच्या भेगांवर याच्यासारखे औषध नाही. परदेशांत हेच तेल साबणा-मलमांत आणि ओठांना लावायच्या कांड्यांत घालतात व चांगल्या भावाने विकतात असे मी वाचले आहे. आमसुलातल्या आंबट द्रव्याच्या, म्हणजे हायड्रॉक्सिसिट्रिक आम्लाच्या, गोळ्याही १९९० नंतरच्या काळात तिकडे रोडावण्यासाठी लोक घेऊ लागले. काकीच्या घरी तीन पिढ्या सोलकढी पीत आल्या आहेत. त्यांच्यातले कोणी त्यामुळे रोडावल्याचे मला तरी स्मरत नाही. उलट कढी चांगली झाली की भात दोन वाढण्या जास्त जातो.

मी मेअखेरीस निघालो तेव्हा आगळाची दोन पिंपे भरली होती. हिशेब काकीने माझ्यासमोर मांडला. आमसुले नेहमीच्या निम्म्याहून कमी. आगळाला गिऱ्हाईक मिळाले तर नळ्यांचे पैसे कसेबसे सुटतील. पण नळे परतायचे दिवस केव्हाच गेले होते, पाऊस डोक्यावर होता. माजघरात दोन ठिकाणी गळत होते, तिथे तिने घमेली ठेवली. “ह्या पावसात कोण नळ्यांर चढतलो?” ती म्हणाली. ठाण्याला जाण्याचा विषय ना तिने काढला ना मी.

जुलैत तिच्याकडून एसटीच्या पार्सलने एक डबा आला. आत भिरंडेलाचा मुठीएवढा गोळा, केळीच्या सोपात गुंडाळलेला, आणि आगळाच्या दोन बाटल्या. नंतर फोन झाला. आगळ गेले होते. गणपतीच्या आधी उघडीप मिळाली तर नळे परतून घेणार होती. आणि एक नवी बातमी होती. वहिनीच्या मुलाला वेंगुर्ल्याच्या फळ संशोधन केंद्रात पाठवून तिने ‘अमृता’ची दोन कलमे आणवली होती आणि गोठ्याच्या जागी, जिथे आता गुरे नाहीत, ती लावली होती. लवकर पिकणारी जात. पाऊस असाच लवकर येणार असेल तर निदान फळ तरी त्याच्या आधी हाती यावे, हा विचार.

हे ठाण्याला कळल्यावर चुलतभाऊ चांगलाच वैतागला. त्याने मला फोन करून सांगितले ते असे: कलमाला भरघोस फळ यायला पाच-सहा वर्षे लागतात, आई तेव्हा ब्याऐंशींची होईल, ते रातांबे काढणार कोण आणि खाणार कोण, हे तिला विचार. मी विचारले.

“माकडां खातली,” काकी म्हणाली. “त्येका सांग, तू ये राखणेक.”